तुझ्या आवाजातलं एक वाक्य

दिनू,

तुझी शोकसभा चांगली झाली. नागपुरात सदरमधला तो हॉल भरला, खुर्च्या कमी पडल्या, मागची माणसं भिंतीला टेकून उभी राहिली. तुला आवडलं असतं. स्टेजवर तुझा फोटो होता आणि शेजारी तेवढाच मोठा वाघाचा, आणि कोणत्या फोटोला हार घालायचा यावर आयोजकांत थोडी कुजबुजही झाली. एकजण म्हणाला, दिनकररावांनी आयुष्यभर वाघाच्या डोळ्याला डोळा भिडवला. मी मंदावहिनींकडे पाहिलं, त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि आम्ही दोघांनी माना खाली घातल्या. घरात पाल दिसली की तू खुर्चीवर चढून त्यांना हाका मारायचास. तुझी बायको शोकसभेत पहिल्या रांगेत बसून हसू दाबत होती, एवढं तरी तुझ्या कानावर घालावं म्हटलं.

मलाही बोलायला बोलावलं. घसा बसलाय म्हणून सांगितलं. घसा ठणठणीत होता. गेलेल्या माणसाशी भांडू नये हे मला कळतं, पण जिवंतपणी तू ऐकून घ्यायचास कुठे? विषय निघाला की उठून जायचास, नाहीतर फोन आल्यासारखं करायचास. आता उठता येत नाही तुला. तेव्हा बस आणि ऐक.

आपण भेटलो झाडीपट्टीत. दिवाळी झाली की भंडारा-गडचिरोलीकडे गावोगावी मंडई म्हणजे जत्रा भरते आणि मंडईत नाटक लागतं. आज या गावात, उद्या त्या. तालमीला वेळच नसतो, नट संध्याकाळी गावात उतरतो, तोंडाला रंग लावतो आणि प्रॉम्प्टर सांगेल ते बोलतो. मी प्रॉम्प्टर होतो. तुझं पाठांतर शून्य. पण माझं वाक्य अर्धं निघालं की उरलेलं तू असं पूर्ण करायचास की जणू तुझ्याच पोटातून आलंय. एकदा मी चुकून पुढचं पान उलटलं आणि दुसऱ्या अंकातला मुलाचा मृत्यू तुला पहिल्याच अंकात सांगितला. तू रडलास. खरे अश्रू काढून रडलास. समोर बाया पदर तोंडाला लावून बसल्या, आणि तो मुलगा विंगेत उभा राहून माझ्याकडे बघत होता, आता मी काय करू म्हणून. असा नट मी पुन्हा पाहिला नाही. हे मला आजही कबूल आहे.

पण तू नटच होतास. लोकांना वाटलं तू जंगलाचा माणूस. नागपूरच्या त्या वाहिनीला रानावनाचा कार्यक्रम काढायचा होता आणि त्यांना खर्जातला आवाज हवा होता, एवढीच सगळी गोष्ट. पहिलं वर्षभर तुला चितळ आणि सांबर यांतला फरक कळत नव्हता. खिशांनी भरलेलं ते खाकी जाकीट तू शिवून घेतलंस, त्या सगळ्या खिशांत मिळून एक कंगवा होता. लिहायचो मी. मला सांगायचा इस्तारी. उमरेडच्या पलीकडे जंगलाच्या गेटवर तो गाईड होता, वाळलेल्या पानांवर कोण चाललंय ते मान न वळवता सांगायचा. इस्तारी मला सांगायचा, मी तुझ्यासाठी वाक्य करायचो, आणि तू कॅमेऱ्याकडे झुकून, डोळे बारीक करून, ते कुजबुजायचास. त्या कुजबुजीवर अख्खा विदर्भ भाळला. पुढे मुंबईच्या मालिका आल्या. कधी इन्स्पेक्टर, कधी नायिकेचा बाप, एका सिनेमात तर दहाव्या मिनिटाला मेलासही. तरी रस्त्यात लोक तुला वाघवाले दिनकररावच म्हणायचे आणि तू मान तुकवायचास, जसा काही वाघ तू स्वतः पाळला होतास.

उपकार विसरलो नाही, तेही लिहितो. मी कामाला होतो तो कामठीचा छापखाना बंद पडला आणि मी घरी बसलो, तेव्हा तू वाहिनीच्या साहेबापुढे जाऊन सांगितलंस की वसंता नसेल तर मीही नाही. साहेबाला वसंता कोण हे ठाऊकही नव्हतं. माझ्या आईची नजर गेली त्या वर्षात तू दर शूटिंगनंतर कामठीला यायचास, तिच्या खाटेपाशी बसून त्या दिवशीचं जंगल तिला कुजबुजत सांगायचास. निम्मं खोटं असायचं. तिला मोर दिसायचे, अस्वलं दिसायची. शेवटी शेवटी ती मला नावाने हाक मारायची आणि तुला बाळा म्हणायची. याचा राग मी कधी धरला नाही. म्हणजे धरला, पण दाखवला नाही.

आता मूळ गोष्टीवर येतो. ती तुला ठाऊक आहे, पण हा कागद उद्या कोणाच्या हाती पडला तर त्याला नाही.

जंगलात बोललेलं टीव्हीवर फारसं वापरता येत नाही. वारा असतो, गाडीचं इंजिन असतं. मग चित्रं जुळवून झाली की सदरच्या स्टुडिओत काचेमागे बसून त्यावर पुन्हा बोलायचं. पण चित्रं जुळवणाऱ्याला आधी काहीतरी आवाज लागतो, वाक्य किती लांब आहे ते कळायला. त्याला आम्ही रफ म्हणायचो. तू मुंबईला असायचास, म्हणून रफ मी बोलायचो, आणि जुळवणाऱ्याला सोपं जावं म्हणून तुझ्यासारखा बोलायचो. तुझी कुजबुज, तुझं ते वाक्याच्या मध्येच थांबणं. इतकी वर्षं तुझ्या तोंडात शब्द घातले होते, तुझं तोंड मला पाठ होतं. एकदा तुझं विमान चुकलं आणि माझा रफच तसाच दाखवला गेला. कोणाच्या लक्षात आलं नाही. मंदावहिनींच्याही नाही. तू फोन करून हसलास, म्हणालास, "बरं झालं बे, आता मले यायचंच काम नाही." त्यानंतर किती भागांत कोण बोललंय, ते तुलाही सांगता आलं नसतं.

अकरा वर्षं झाली त्या सकाळीला. पाणवठ्याच्या ओल्या मातीत वाघिणीचा ठसा होता, ताजा. मी लिहून आणलं होतं की दिनू ठशाशेजारी आपला पंजा ठेवतो आणि म्हणतो, बघा, माझा हात किती लहान. इस्तारी म्हणाला, गाडीतून दाखवा. उतरायचं नाही हा नियम आहे, आणि वर त्याला घाणेरीच्या झुडपात पिल्लं असल्याचा संशय होता. तू माझ्याकडे पाहिलंस. मी कागद खाली केला नाही. तू उतरलास, वाकलास, हात ठेवलास, आणि झुडूप हललं. इस्तारीने तुला दोन हाका मारल्या. तू जागचा हलेनास, पाल जाईपर्यंत खुर्चीवरून हलायचा नाहीस तसाच. मग तो उतरला, तुला मागून धरून त्याने गाडीकडे ढकललं आणि वाघीण त्याच्यावर आली. उजवा हात खांद्यापासून गेला. ड्रायव्हरने हॉर्नवर हात ठेवला तो काढलाच नाही, म्हणून ती गेली. तू गाडीत माझ्या पायांपाशी बसून होतास. तुझ्या जाकिटाला साधा ओरखडा नव्हता.

कॅमेरा चालू होता. वाहिनीला तो भाग त्याच आठवड्यात हवा होता. इस्तारी नागपूरला मेडिकलच्या दवाखान्यात होता आणि तू मुंबईला निघून गेलास, शूटिंग आहे म्हणून. तिथून फोनवर तू मला एक वाक्य दिलंस. आयुष्यात पहिल्यांदा तू मला वाक्य देत होतास. "सूचना न मानता आमचा गाईड गाडीतून उतरला, आणि जंगलाने आपला नियम दाखवून दिला." मी म्हटलं, दिनू, हे खोटं आहे. तू म्हणालास, "तो उतरला का नाही? उतरला ना? मंग खोटं काय त्याच्यात? पुढच्या भागात सांगू सगळं नीट. आत्ता सांगितलं तर कार्यक्रम बंद होते, गड्या, तुझाबी आन माझाबी." आणि मी काचेमागे बसून ते वाक्य बोललो. तुझ्यापेक्षा चांगलं बोललो. चित्रात इस्तारी उतरतो आणि लगेच वाघीण येते, मधलं तुला ढकलणं कापलं होतं, तू त्यात कुठे नव्हतासच.

पुढचा भाग आला, त्याच्या पुढचा आला. तो भाग इतका चालला की तुला दोन पुरस्कार मिळाले. इस्तारीचं नाव गेटच्या यादीतून कमी झालं, कारण टीव्हीवर खुद्द दिनकररावांनीच सांगितलं होतं की तो सूचना न मानता उतरला. ज्याने त्या गेटवरच्या निम्म्या गाईडांना शिकवलं, त्याला जंगलात जायची बंदी. त्याचं घर गेटच्या रस्त्यावर आहे. गाड्या तिथून जाताना ड्रायव्हर वेग कमी करतात आणि पाहुण्यांना दाखवतात, हाच तो, उतरला होता तो.

मी तुला दरवर्षी म्हणायचो. दरवर्षी तू म्हणायचास, करू. एकदा तर तू मला म्हणालास की वसंता, तुला इस्तारीचं वाईट वाटत नाही, तुला माझं नाव झालं त्याचं वाईट वाटतं. मी तुझ्या घरातून उठून आलो आणि चार महिने बोललो नाही. दिनू, ते तू खरं बोलला होतास की खोटं, हे मी अजून ठरवतो आहे. खरं असेल तर तुझ्या तोंडून निघालेलं, मी न लिहिलेलं, ते एकच खरं वाक्य.

आणि मग या उन्हाळ्यात इस्तारीची रंजना गाईड व्हायला निघाली. आता मुलींनाही घेतात. बाप हसला असेल त्या दिवशी, बऱ्याच वर्षांनी. प्रशिक्षणाच्या पहिल्याच आठवड्यात वर्गात पडदा लावला आणि गाईडने काय करू नये म्हणून तुझा तो भाग दाखवला. दरवर्षी दाखवतात. पोरगी सगळ्यांमध्ये बसून बाप वाघिणीखाली पडलेला बघत होती आणि वरून तू कुजबुजत होतास. घरी जाऊन तिने विचारलं, बाबा, तुमी काहून उतरले? त्याने सांगितलं. तिला पटलं नाही. ती म्हणाली, दिनकरराव काहून खोटं बोलतील?

हे मला इस्तारीने फोनवर सांगितलं, तू आयसीयूत होतास तेव्हा. तुझ्या तब्येतीची चौकशी करायला फोन केला होता त्याने. म्हणाला, दिनूभाऊ बरा झाला की एकदा पोरीशी बोलायला सांगा, बस्स एकदा. मी काचेबाहेरून तुझ्याकडे पाहिलं. तोंडात नळी होती. मला दया यायला हवी होती. मला एवढंच वाटलं की बघ, याही वेळी सुटला हरामखोर.

तू गेल्यावर आठ दिवसांनी वाहिनीचा माणूस घरी आला. तुझा शेवटचा भाग अर्धा राहिला होता, चित्रं होती, आवाज नव्हता. त्याने आडवळणाने विचारलं, तुम्ही दिनकररावांचा आवाज काढता म्हणे? प्रेक्षकांचा निरोप घेतल्यासारखं काहीतरी करू. मंदावहिनींची हरकत नाही म्हणाला. मी हो म्हटलं, लगेच म्हटलं. कारण मला सुचलं होतं. तुझ्या निरोपात मी ते वाक्य घालणार होतो. "आधी मी उतरलो होतो, इस्तारी मला वाचवायला उतरला." तुझ्या आवाजात, तुझ्या कबुलीसारखं. अख्खा विदर्भ ऐकेल, रंजना ऐकेल. तू मेल्यावर का होईना, मी तुला खरं बोलायला लावणार होतो. खरं सांगतो, त्या दिवशी मी तुझ्या जाण्यानंतर पहिल्यांदा पोटभर जेवलो.

काल सकाळी उमरेडची एसटी धरली आणि इस्तारीकडे गेलो, ही बातमी त्याच्या तोंडावर सांगायला. तो अंगणात बसून डाव्या हाताने लसूण सोलत होता. मला खाटेवर बसवलं, पाणी दिलं. मी घाईने सगळं सांगून टाकलं. म्हटलं, शेवटच्या भागात दिनूच्या आवाजात सगळं येईल, इस्तारी. दिनू स्वतः सांगेल.

तो लसूण सोलत राहिला. मग म्हणाला, "वसंतभाऊ, दिनूभाऊ कसा सांगन? तवाबी त्यानं कुठं सांगितलं होतं?"

मला कळलं नाही. मी म्हटलं, म्हणजे?

"मले मेडिकलात टीव्हीवर दाखवलं ना त्यायनं. दुसऱ्याच शब्दाले समजलं मले. दिनूभाऊ कितीबी हळू बोलला तरी त्याचा दम ऐकू येते. याच्यात तो दमच नव्हता, हा माणूस खुर्चीत बसून बोलून राहिला होता. तो तुमचा आवाज होता."

मी विचारलं, मग अकरा वर्षं तू बोलला का नाहीस?

"दिनूभाऊची वाटच नाही पाह्यली मी. तो नाटकवाला, त्याच्यावर कायचा राग. तुमी तं गाडीत बसून होते. सारं पाह्यलं होतं तुमी. मले वाटे, येतीन एखाद दिवशी." त्याने पाकळ्या वाटीत टाकल्या. "आले तं आले, आन दिनूभाऊले घेऊन आले."

दिनू, या अकरा वर्षांत मी तुला मनातल्या मनात किती वेळा भित्रा म्हटलं असेल. हॉलमध्ये बसून म्हटलं, आयसीयूच्या काचेपाशी म्हटलं, वर या कागदावर आडून म्हटलं. तू भित्रा होतासच, त्यात काही बदल नाही. पण तू वाक्य फोनवर सांगितलंस आणि विसरून गेलास. ते बोललो मी. शुद्धीत, पंख्याखाली, समोर पाण्याचा ग्लास ठेवून. पहिल्यांदा नीट आलं नाही म्हणून दुसऱ्यांदा बोललो.

इस्तारीने आत हाक मारली, "रंजना, इकडे ये वं. वसंतभाऊ काही सांगून राहिले." ती खाकी गणवेशातच आली, दारात उभी राहिली. मी सांगायला लागलो आणि पहिले चार शब्द तुझ्या कुजबुजीत निघाले. लाज वाटेल असे निघाले. मी थांबलो, खाकरलो, पुन्हा सुरू केलं. माझा आवाज पातळ आहे, वरच्या पट्टीतला, कामठीच्या छापखान्यात मशीनच्या खडखडाटात ओरडून झालेला. त्या आवाजात सगळं सांगितलं. कागद माझा होता हेही सांगितलं. इस्तारी मान खाली घालून बसला होता. पोरगी रडली नाही, चिडलीही नाही. तिने एवढंच विचारलं, "मंग तवा काहून नाही बोलले?"

मी म्हटलं, भ्यालो.

तिने बापाकडे पाहिलं. मग मला म्हणाली, हे मले सांगून काय फायदा, उद्या वर्गात येऊन सांगा, तो भाग उद्या दुसऱ्या तुकडीले दाखवणार आहेत. मी हो म्हटलं. परत येताना एसटीतूनच वाहिनीच्या माणसाला फोन केला की निरोपाचा आवाज मी देणार नाही, दुसरा कोणी बघा. आणि तुझा तो जुना भाग कसा झाला होता तेही त्याला सांगितलं. तो म्हणाला, काका, तुम्ही धक्क्यात आहात, विश्रांती घ्या. शोकसभेला आलेले सगळे आता मला असंच म्हणतील, कदाचित याहून वाईट. मंदावहिनींना आज सकाळी सांगितलं. त्यांनी फोन ठेवला.

उमरेडची गाडी अर्ध्या तासात आहे. वर्गात पडदा लागेल, तू कुजबुजशील, पोरं मान हलवतील, आणि मग मला उठून म्हणायचं आहे की हा आवाज माझा. सवयीने मी तुझा आवाज शोधेन, तो भारदस्त आहे, त्यात काहीही सांगितलं तरी लोकांना खरं वाटतं.

तू येऊ नकोस.

वसंता